फुलांच्या खोऱ्याकडे जाण्यापूर्वी



आपल्या मंडळाची यंदाची सहल गढवालातील ‘फूलों की घाटी’ या राष्ट्रीय उद्यानात न्यावयाची असे कार्यकारिणीने ठरविले आहे, हे आपणांस ठाऊक आहेच. आजवर आपल्या सहली देवदर्शनाच्या किंवा फार तर एका मुक्कामाच्या असत. यंदा प्रथमच डोंगर चढावयाचा आहे आणि तंबूत झोपावयाचे आहे. त्यामुळे बैठकांतून याद्यांवर याद्या झाल्या. बूट कोणते घ्यावयाचे, रेनकोट कोठे स्वस्त मिळतात, दशम्या किती दिवस टिकतात, सर्व झाले. एका दिवसाचा प्रश्न मात्र राहिला. वेळापत्रकात एक दिवस मोकळा पडतो, आणि तो बद्रीनाथच्या मुक्कामात वाढवावा असे बहुतेकींचे मत दिसले. माझे मत निराळे आहे. ते बैठकीत दोन वाक्यांत सांगता येईना, म्हणून या स्मरणिकेत त्या जागेचा इतिहासच लिहिण्याचे काम मी मागून घेतले. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. हिंदी-मराठी मी स्वतः वाचले, इंग्रजीतले लेकीने वाचून सांगितले.

प्रथम जागा समजून घेऊ. हरिद्वार-हृषीकेशहून अलकनंदेच्या काठाने वर गेले की जोशीमठ लागते. त्याचे नाव २०२४ सालापासून ज्योतिर्मठ झाले आहे. तेथून दोन वाटा फुटतात. एक उत्तरेकडे बद्रीनाथला जाते. याच वाटेवर गोविंदघाट आहे, आणि तेथून आपण उजवीकडे वळून फुलांच्या खोऱ्याकडे चढणार. दुसरी वाट धौलीगंगेच्या काठाने पूर्वेकडे जाते. तिच्यावर रैणी आणि लाता ही लहान गावे आहेत, आणि त्यांच्यामागे नंदादेवीचे शिखर, ७,८१६ मीटर उंचीचे. या दोन्ही वाटांच्या टोकांशी दोन राष्ट्रीय उद्याने आहेत. दोन्ही मिळून जागतिक वारशाच्या यादीत एकाच नावाखाली आहेत. नंदादेवी १९८८ साली आली, फुलांचे खोरे २००५ साली तिला जोडले गेले.

गढवालच्या बायकांना नंदादेवी ही देवी खरी, पण त्याहून अधिक ती माहेरवाशीण आहे. बारा वर्षांनी ‘राजजात’ नावाची मोठी यात्रा निघते. नंदेला माहेराहून सासरी, म्हणजे कैलासाकडे पोचवावयाचे, असा तिचा भाव. सुमारे २८० किलोमीटरची पायपीट असते. चार शिंगांच्या मेंढ्याच्या पाठीवर नंदेसाठी दिलेल्या भेटी बांधतात, आणि शेवटी होमकुंडापाशी त्याला डोंगरात सोडून देतात. मोठी यात्रा २०१४ साली झाली होती. लेकीला पोचवावयास गेलेल्या बायका परतताना रडतात म्हणे. ते वाचताना मला तरी परके वाटले नाही. तंबू-मुक्कामाची सहल ही नव्या काळची हौस आहे असे आपल्याला वाटते, पण शिधा बांधून, बर्फाच्या कडेने मुक्काम करीत जाणे या लोकांना पिढ्यान्‌पिढ्या माहीत आहे.

आता फुलांच्या खोऱ्याकडे वळू. पुस्तकांतून असे लिहितात की १९३१ साली इंग्रज गिर्यारोहक फ्रँक स्माइथ याने या खोऱ्याचा ‘शोध’ लावला. तो, एरिक शिप्टन, होल्ड्सवर्थ वगैरे मंडळी ७,७५६ मीटर उंचीचे कामेट शिखर चढून परतत होती. भ्यूंडार खिंड ओलांडून खाली उतरली तो पाऊलभर जागा फुलांवाचून रिकामी नाही! स्माइथ १९३७ साली पुन्हा आला, मुक्काम ठोकून राहिला, फुले आणि बी गोळा केले आणि १९३८ साली ‘फुलांचे खोरे’ याच नावाचे पुस्तक काढले. त्यामुळे जगाला ही जागा कळली हे खरे. पण शोध कसला? खालच्या भ्यूंडार गावची मेंढपाळ मंडळी दर उन्हाळ्यात तेथे मेंढ्या चारीत होती. आपल्या परसातल्या विहिरीचा पाहुण्याने शोध लावावा, त्यातलाच हा प्रकार.

स्माइथचे पुस्तक वाचून एक बाई आली. जोन मार्गारेट लेग हे तिचे नाव. लंडनजवळच्या क्यू येथील शाही वनस्पती उद्यानाच्या वतीने ती १९३९ साली फुले गोळा करावयास आली, तेव्हा तिचे वय ५४ वर्षांचे होते. हे वय मी मुद्दाम लिहिते, कारण ‘आता या वयात काय डोंगर चढायचा’ म्हणून आपल्यातील तिघींनी नावे मागे घेतली आहेत. त्या काळी मोटारीचा रस्ता जोशीमठाच्या आसपासही नव्हता. खालपासून सारे पायी. बाईने हमाल घेऊन खोऱ्यात तंबू ठोकला. ४ जुलै १९३९ रोजी उतारावर फुले काढताना तिचा पाय घसरला आणि ती दगावली. तिला खोऱ्यातच पुरले. पुढे तिची बहीण तेथवर आली आणि थडग्यावर नावाचा दगड बसवून गेली. खोऱ्यात आत चालत गेले की आजही तो दगड दिसतो. मागे घेतलेली नावे या हकिकतीने परत येतील की आणखी दोन कमी होतील हे मला सांगता येत नाही, पण दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. वय आड येत नाही, आणि ओला उतार कोणाचे वय विचारीत नाही. म्हणून बुटांच्या तळाला चांगल्या खाचा हव्यात, आणि वाट सोडून एका फुलासाठीही उतारावर जावयाचे नाही.

सामानाच्या याद्यांवरून आपले जे वाद झाले, त्यांवर मला शिप्टन आणि त्याचा सोबती टिलमन यांची गोष्ट आठवते. नंदादेवीच्या भोवती शिखरांची अशी तटबंदी आहे की आत शिरावयास ऋषिगंगेची अरुंद घळ एवढीच वाट. अनेक मोठमोठ्या साहेबांनी प्रयत्न केले, पण पायथ्याच्या कुरणांपर्यंत कोणी पोचले नव्हते. १९३४ साली हे दोघे आणि अंग थारके, पासंग व कुसांग हे तीन शेर्पा त्या घळीतून आत पोचले. त्या काळी मोठ्या मोहिमांना शेकडो हमाल लागत. या पाचजणांनी सामान इतके थोडे घेतले की साहेब आणि शेर्पा यांचे जेवण एकच. त्याच वर्षी बद्रीनाथहून केदारनाथकडे डोंगरातून जाताना त्यांची वाट चुकली, शिधा संपला, आणि बांबूचे कोवळे कोंब शिजवून दिवस काढावे लागले. त्या कोंबांसाठी अस्वलेही टपलेली असत! मी काही कोंबांवर राहा म्हणत नाही. पण घांघरियाला खानावळी असताना अकरा जणींनी तीन स्टोव्ह नेण्याचे कारण नाही. आणखी एक सांगून ठेवते. तीन हजार मीटर उंचीवर पाणी सुमारे ९० अंशांवरच उकळते. उघड्या पातेल्यात डाळ घालून बसाल तर अर्धी रात्र जाईल. भाजणी, मेतकूट, शेंगदाण्याचे लाडू आणि सुक्या खोबऱ्याची चटणी पुरे.

आता दुसऱ्या वाटेची, रैणीची हकिकत. माझे सारे म्हणणे येथेच आहे.

१९६२ च्या चीन युद्धानंतर या भागातला तिबेटशी चालणारा लोकर-मिठाचा व्यापार बंद झाला. सैन्यासाठी रस्ते झाले, आणि रस्त्यांमागून लाकडाचे ठेकेदार आले. डोंगर उघडे पडले. जुलै १९७० मध्ये अलकनंदेला महापूर आला, घरे-शेते वाहून गेली, आणि लोकांना झाडे व पूर यांचा संबंध उमगला. १९७३ च्या एप्रिलात गोपेश्वरजवळच्या एका गावी लोकांनी पहिल्यांदा ठेकेदाराला परत धाडले. गंमत अशी की त्या गावाचे नाव मंडल! तेथली अंगूची झाडे खेळाच्या सामानासाठी, टेनिसच्या रॅकेटींसाठी दिली होती, आणि गावकऱ्यांना मात्र नांगर-जोखडासाठी तेच लाकूड नाकारले होते.

पुढच्याच वर्षी रैणीच्या जंगलातील सुमारे अडीच हजार झाडांचा लिलाव झाला. २६ मार्च १९७४ हा दिवस असा साधला की गावचे पुरुष जमिनींची नुकसानभरपाई घेण्यासाठी चमोलीला बोलावलेले होते, आणि चळवळीचे पुढारी चंडीप्रसाद भट्ट यांना गोपेश्वरला अडकवून ठेवलेले होते. गावात उरल्या बायका आणि पोरे. मजूर मागच्या वाटेने जंगलाकडे निघालेले एका मुलीने पाहिले आणि ती धावत गौरादेवींकडे गेली.

गौरादेवी कोण होत्या? त्या रैणीच्या महिला मंगल दलाच्या अध्यक्षा होत्या. म्हणजे आपल्यासारख्याच एका महिला मंडळाच्या! १९२५ साली लाता गावी जन्म, बाराव्या वर्षी लग्न, बावीसाव्या वर्षी वैधव्य, पदरात मूल. शाळेत त्या गेल्याच नव्हत्या. चुलीवरचे तसेच टाकून त्यांनी घरोघर हाका मारल्या. सत्तावीस जणी जमल्या आणि जंगलात जाऊन मजुरांपुढे उभ्या राहिल्या. हे जंगल आमचे माहेर आहे, येथूनच आम्हांला औषध, चारा, लाकूडफाटा मिळतो, हे तोडाल तर डोंगर आमच्या अंगावर येईल, असे त्यांनी सांगितले. आधी विनवणी केली. दारू प्यालेल्या एकाने बंदूक रोखली तेव्हा गौरादेवी छाती पुढे करून उभ्या राहिल्या. मजूर मागे हटले. मग बायकांनी जंगलाकडे जाणाऱ्या वाटेवरची सिमेंटची फरशी उखडून दरीत लोटली आणि रात्रभर पहारा केला. दुसऱ्या दिवशी पुरुषमंडळी परतली तेव्हा काम झालेले होते. पुढे सरकारने समिती नेमली, आणि तिच्या अहवालावरून त्या साऱ्या पाणलोटात दहा वर्षे झाडतोड बंद केली.

आपल्या मंडळात हळदीकुंकू, भिशी, पाककृती आणि वर्षातून एकदा व्याख्यान होते. मी त्याला नावे ठेवीत नाही. रैणीच्या दलाचेही रोजचे काम गावची साफसफाई आणि जंगलाची राखण असेच होते. त्या दिवशी आपत्ती दाराशी आली आणि तेच दल कामाला आले.

याच सुमारास, १९७४ साली, सरकारने नंदादेवीचा भाग परदेशी गिर्यारोहकांना खुला केला होता. मोहिमांमागून मोहिमा येऊ लागल्या. १९७६ साली तेथे एक विलक्षण गोष्ट घडली. विली अनसोल्ड या अमेरिकन गिर्यारोहकाने तरुणपणी हे शिखर पाहून आपल्या मुलीचे नावच नंदादेवी ठेवले होते. ती मुलगी बापाबरोबर शिखर चढावयास आली आणि वरच्या छावणीत आजारी पडून तेथेच वारली. बापाने तिला तिच्या नावाच्या डोंगरावरच ठेवले. १९८१ साली रेखा शर्मा, हर्षवंती बिश्त आणि चंद्रप्रभा ऐतवाल या तिघी भारतीय स्त्रिया त्याच शिखरावर पोचल्या. यांतील हर्षवंतीबाई पुढे २०२१ साली भारतीय गिर्यारोहण संस्थेच्या पहिल्या स्त्री अध्यक्ष झाल्या.

मोहिमांनी पैसा आणला तसा कचराही आणला. डबे, दोर, प्लास्टिक. जुनिपरची झुडपे सरपणासाठी तोडली गेली. म्हणून १९८२ साली नंदादेवी राष्ट्रीय उद्यान जाहीर झाले आणि लगेच आतला भाग सर्वांना बंद झाला. त्याच सुमारास फुलांचे खोरेही राष्ट्रीय उद्यान झाले आणि तेथील चराई थांबली. बंदी आवश्यक होती असे मलाही वाटते. १९९३ साली सैन्याच्या तुकडीने आत जाऊन जुना कचरा गोळा करून खाली आणला, यावरून किती घाण झाली असेल ते समजावे. पण ‘सर्वांना बंद’ याचा अर्थ काय झाला? गिर्यारोहक दुसऱ्या शिखराकडे गेले. लाता-रैणीच्या लोकांना दुसरा डोंगर नव्हता. मेंढ्यांची कुरणे गेली, औषधी मुळ्या गेल्या, वाटाड्याचे आणि हमालीचे काम गेले. ज्या बायकांनी आठ वर्षांपूर्वी उभे राहून जंगल वाचविले, त्यांच्याच गावांना त्याच जंगलाच्या वरच्या अंगाला पाऊल टाकावयाची बंदी. १९९८ साली लाताचे गावकरी ‘झपटो छीनो’ असे म्हणत बंद भागात शिरले तेव्हा कोठे त्यांचे म्हणणे ऐकावयास सुरुवात झाली. आता त्या बाजूच्या थोड्या भागात, गावच्या वाटाड्यांबरोबर, मर्यादित संख्येने जाता येते.

फुलांच्या खोऱ्याचीही कथा पाहा. मेंढ्या बंद झाल्यावर ‘अमेला’ नावाची उंच वाढणारी वनस्पती माजली आणि लहान फुलांना झाकू लागली. आता वनखाते दरवर्षी मजूर लावून ती उपटते. मेंढी खात होती तोवर मजुरी द्यावी लागत नव्हती! शास्त्रज्ञांत यावर दोन्ही मते आहेत. परंतु वर्षानुवर्षे तेथे मेंढ्या नेणाऱ्या माणसांना आधी विचारले असते तर बरे झाले असते, एवढे कळावयास शास्त्र लागत नाही.

आता आपल्या जाण्यासंबंधी. खोरे १ जूनला उघडते आणि ३१ ऑक्टोबरला बंद होते. फुलांचा बहर जुलै-ऑगस्टात, म्हणजे भर पावसात. गोविंदघाटापुढे पुलना गावापर्यंत गाडी जाते, तेथून घांघरिया सुमारे १० किलोमीटर चढ. खोऱ्यात रात्री राहण्यास मनाई आहे. सकाळी जाऊन संध्याकाळच्या आत परतावयाचे. म्हणून आपले तंबू घांघरियालाच. लेगबाईंप्रमाणे फुलांत झोपावयाचे स्वप्न पाहिलेल्यांनी मनाची तयारी करावी. जोशीमठला एक रात्र काढल्याशिवाय वर जाऊ नये, नाही तर डोके धरून बसावे लागेल. घांघरियाला पाठीवरच्या टोपलीत माणसे बसवून नेणारे ‘कंडीवाले’ मिळतात. बहुतेक नेपाळी मजूर. ज्यांना चालवत नाही त्यांनी लाजू नये, पण ठरलेली मजुरी पाडून मागू नये. प्लास्टिकच्या पिशव्या जेवढ्या न्याल तेवढ्या मोजून परत आणाव्या. कासच्या पठारावर आपण गेलो होतो तेव्हा ज्यांनी गौरीचा तेरडा ओळखला होता, त्यांना येथेही तेरडाच भेटेल, पण पुरुषभर उंचीचा. भूर्जपत्राची झाडे वाटेत आहेत. साल सोलू नये.

मोकळा दिवस मी रैणी-लातासाठी मागते. जोशीमठाहून रैणी २५ किलोमीटरच्या आत आहे. सकाळी निघून संध्याकाळी परत येता येते. बद्रीनाथला दोन रात्रींऐवजी एक रात्र मिळेल. दर्शन चुकत नाही. लातात जुने नंदादेवीचे मंदिर आहे, म्हणजे देवही आहेच, आणि गावच्या घरांतून जेवणाची सोय होते. तो पैसा त्याच गावात राहील.

तेथे पाहण्यासारखे काय, असे एक काकू मला म्हणाल्या. खरे सांगावयाचे तर फार काही नाही. ७ फेब्रुवारी २०२१ रोजी वरच्या रोंटी शिखराचा बर्फ-खडकांचा प्रचंड भाग सुटून ऋषिगंगेत आला. रैणीजवळचा वीजप्रकल्प आणि पूल वाहून गेला, खाली तपोवनच्या बोगद्यात कामगार अडकले, आणि दोनशेहून अधिक माणसे मेली वा बेपत्ता झाली. डोंगर आमच्या अंगावर येईल असे ज्या गावच्या बायकांनी म्हटले होते, त्याच गावावर तो आला. त्याच वर्षीच्या पावसाळ्यात जमिनीला भेगा पडल्या म्हणून गौरादेवींचा पुतळाही तेथून हलवावा लागला. त्या स्वतः १९९१ सालीच वारल्या. पण जंगल आहे, आणि नदीपासून ते कसे वर चढते ते रस्त्यावरून दिसते. सत्तावीस जणी कोणत्या वाटेने गेल्या असतील ते गावातल्या म्हाताऱ्या बायका दाखवतील. तेव्हाच्या लहान मुली आज साठी ओलांडलेल्या असतील. हिंदी आपल्यातील चौघींना चांगले येते.

ज्यांना रैणीस यावयाचे असेल त्यांनी खजिनदारबाईंकडे सहलीचे पैसे भरताना नावापुढे तेवढे लिहावे. निम्म्याहून अधिक नावे आली तर दिवस बदलू, नाही तर आम्ही तिघी-चौघी जोशीमठाहून वेगळी जीप करून जाऊ. तिचे भाडे किती पडेल ते विचारून पुढच्या बैठकीत सांगते.